मेलेल्या भावाला निर्दोष ठरवायची घाई करू नका

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही दुबईत वाढलात, तिथली तुमची जिवलग मैत्रीण फिलिपिनो, आणि आता तुम्ही मराठीत चौदा ते अठरा वयाच्या वाचकांसाठी कादंबरी लिहिताय. नायिका सोळा वर्षांची, दुबईत वाढलेली फिलिपिनो मुलगी. तिचा सतरा वर्षांचा चुलतभाऊ, ज्याला ती 'कुया' म्हणजे दादा म्हणते, ऑगस्ट २०१७ मध्ये मनिलाजवळच्या कालोओकानमध्ये पोलिसांच्या गोळीने मेला. घरात कुणी त्याचं नाव काढत नाही. ती तिकडे जाते, मारेकऱ्याचा छडा लावते, आणि शेवटी फिलिपिन्सचे माजी राष्ट्राध्यक्ष रोद्रिगो दुतेर्ते यांना अटक होते. घरातलं दुःख, फिलिपिनो असणं आणि अन्याय ही तिन्ही एकाच गोष्टीत पेलताना ती प्रचारकी होऊ नये म्हणून काय करावं, हे तुम्ही विचारलंय. सोबत पहिली तीन प्रकरणंही पाठवली आहेत.

कुमारांसाठीच्या पुस्तकांचं संपादन करण्यात माझी बरीच वर्षं गेली आहेत. त्या अनुभवावरून तुमच्या मसुद्यातल्या एका ओळीपासून सुरुवात करते. पहिल्याच प्रकरणात तुम्ही लिहिलंय, 'कुयाने आयुष्यात सिगरेटलासुद्धा हात लावला नव्हता.' ही ओळ काढून टाका. प्रचारकीपणाची भीती तुम्हाला राजकारणाच्या बाजूने वाटते आहे, पण तो येतोय या ओळीतून.

कारण सांगते. २०१६च्या जून अखेरीस दुतेर्ते राष्ट्राध्यक्ष झाले आणि अमली पदार्थांविरुद्धची मोहीम सुरू झाली. पोलीस कारवायांमध्ये सहा हजारांहून अधिक माणसं मारली गेल्याचं सरकारच मान्य करतं. आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाच्या अभियोक्त्यांचा २०१९च्या मार्चपर्यंतचा अंदाज १२ ते ३० हजारांच्या दरम्यानचा आहे. यातल्या बहुतेकांवर कधी खटला चालला नाही. पोलिसांच्या अहवालात पुन्हा पुन्हा एकच मजकूर: त्याने पिस्तूल काढलं, आम्ही स्वसंरक्षणार्थ गोळी झाडली. मोटरसायकलवरून आलेल्या अनोळखी माणसांनी मारलेल्यांच्या प्रेताशेजारी पुठ्ठ्याची पाटी सापडायची, त्यावर लिहिलेलं असायचं की मी अमली पदार्थ विकतो, माझ्यासारखं वागू नका. या सगळ्यामागचा युक्तिवाद असा होता की काही माणसं मारण्याच्याच लायकीची असतात. तुमचा कुया धुतल्या तांदळासारखा असेल, तर तुमची कादंबरी त्या युक्तिवादाला हातच लावत नाही. ती फक्त म्हणते की इथे माणूस चुकला. म्हणजे तो खरंच शाबू, म्हणजे मेथॅम्फेटामीन हा अमली पदार्थ, ओढणारा असता तर चाललं असतं का? तुमचा पंधरा वर्षांचा वाचक हा प्रश्न विचारणार, आणि तो विचारायलाच हवा.

म्हणून कुयाला शाबू ओढू द्या. कारण मात्र त्याच्या आयुष्यातूनच येऊ द्या. गरीब वस्त्यांमध्ये ते मजेसाठी जितकं घेतलं जातं, तितकंच झोप आणि भूक मारण्यासाठीही. ट्रकवाले घेतात, रात्रपाळीचे हमाल घेतात. कालोओकानच्या शेजारीच नावोतास आहे, देशातलं सगळ्यात मोठं मासळी बंदर. तिथे रात्रभर माशांच्या परातींची ने-आण चालते. तुमचा कुया तिथे कामाला असू शकतो. २०१६ मध्ये पोलीस आणि बारांगायचे, म्हणजे सगळ्यात खालच्या स्थानिक कारभाराचे, अधिकारी घरोघरी दार वाजवून लोकांना शरण यायला सांगत होते. लाखो लोक स्वतःहून गेले, कागदावर सही केली, यापुढे घेणार नाही अशी शपथ घेतली. घरच्यांना हायसं वाटलं. पुढे शरण आलेल्यांपैकीच कित्येक जण मारले गेले, कारण आता त्यांचं नाव यादीत होतं. कुयाला सही करायला त्याच्या आईनेच नेलं असेल, तर त्या बाईचं उरलेलं आयुष्य कसं असेल, याचा विचार करा. तुमच्या कादंबरीचं काळीज तिथे आहे.

दुसरा मुद्दा तारखेचा. ऑगस्ट २०१७, कालोओकान, सतरा वर्षांचा मुलगा. हे वाचताच माहीतगार वाचक म्हणणार, हा किआन देलोस सांतोस. १६ ऑगस्ट २०१७च्या रात्री पोलिसांनी त्याला मारलं. तो चकमकीत मेल्याचं पोलीस म्हणाले, पण त्याला ओढत नेत असल्याचं बारांगायच्या सीसीटीव्हीत दिसलं. उद्या माझी परीक्षा आहे, असं तो विनवत होता, हे साक्षीदारांनी सांगितलं. त्याच्या अंत्ययात्रेला हजारो लोक आले, आणि नोव्हेंबर २०१८ मध्ये तीन पोलिसांना खुनाची शिक्षा झाली. या मोहिमेतली ती पहिली शिक्षा. त्यानंतर झालेल्या शिक्षा हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच आहेत. किआनचं प्रकरण तडीला गेलं कारण तिथे कॅमेरा होता, आणि तो शाळकरी मुलगा होता. तुमची कादंबरी त्या मुलाबद्दल असावी ज्याच्या गल्लीत कॅमेरा नव्हता. २०१७च्या जानेवारी अखेरीस, पोलिसांनीच एका कोरियन व्यावसायिकाचा खून केल्याचं उघड झाल्यावर, मोहीम काही आठवडे थांबली होती. मार्चमध्ये ती पुन्हा सुरू झाली. कुयाचा मृत्यू तिथे न्या. महिनाभर लोकांनी सुटकेचा श्वास घेतला, रात्री दारं उघडी राहायला लागली, आणि मग पुन्हा.

मार्च २०१७ घेतलंत की आणखी एक गोष्ट जुळून येते. तिथल्या सार्वजनिक दफनभूमींत गरिबांसाठी एकावर एक रचलेले सिमेंटचे कप्पे असतात आणि ते साधारण पाच वर्षांच्या भाड्याने मिळतात. मुदत संपली आणि पैसे भरले नाहीत, की अस्थी बाहेर काढल्या जातात. म्हणजे २०२२च्या मार्चमध्ये दुबईतल्या घरात फोन येईल: कप्प्याचं काय करायचं? तेव्हा तुमची नायिका सोळा वर्षांची असेल. कुया गेला तेव्हा ती अकराची होती. अकरा वर्षांच्या मुलीला घरच्यांनी काय सांगितलं असेल? न्यूमोनिया. आणि हे नुसतं घरच्यांचं खोटं नाही, मृत्यूच्या दाखल्यावरही तेच लिहिलेलं असू शकतं. फादर फ्लावी विलानुएवा हे धर्मगुरू अशा कुटुंबांसाठी अस्थी उकरून काढून त्या न्यायवैद्यक तपासणीला पाठवायची व्यवस्था करत आले आहेत. राकेल फोर्तुन या न्यायवैद्यक तज्ज्ञ त्या हाडांची तपासणी करतात. ज्यांच्या दाखल्यावर नैसर्गिक मृत्यू लिहिला होता, अशा काहींच्या हाडांवर त्यांना गोळ्यांच्या खुणा सापडल्या. शवविच्छेदनाचे पैसे नव्हते, प्रेत लवकर ताब्यात हवं होतं, म्हणून समोर ठेवलेल्या कागदावर सही केली, असं कुटुंबांनी सांगितलं आहे. म्हणजे घरच्यांच्या गप्प राहण्यावर सहीसुद्धा घरच्यांचीच. मुलीला रहस्याचा शोध घ्यायचाच असेल तर तो हा घेऊ द्या.

फादर विलानुएवांना २०२५ मध्ये मनिलात दिला जाणारा मॅगसेसे पुरस्कार मिळाला. १९५८ मध्ये विनोबांना, १९८५ मध्ये बाबा आमट्यांना आणि २००८ मध्ये प्रकाश आणि मंदाकिनी आमट्यांना मिळाला तोच. मराठी घरात मनिला हे नाव बहुतेक वेळा याच पुरस्कारामुळे कानावर पडलेलं असतं. प्रस्तावना लिहिणार असाल तर तिथून सुरुवात करता येईल.

मारेकऱ्याचा छडा लावण्याची कल्पना मात्र सोडून द्या. परदेशातून आलेली सोळा वर्षांची मुलगी दोन आठवड्यांत ते शोधून काढते जे तिथल्या आयांना पाच वर्षांत जमलं नाही, हे त्या आयांवर अन्याय करणारं आहे. त्या आया पोलीस ठाण्यात गेल्या होत्या. कोणी गोळी झाडली, हे कित्येकींना ठाऊकही होतं. अडचण माहितीची नव्हती, भीतीची होती. तो पोलीस त्याच रस्त्याने रोज जात होता.

आता दुःखाकडे येते. तुमचं तिसरं प्रकरण, ज्यात आई खिडकीशी बसून रडते, ते कुठल्याही देशात घडू शकतं. फिलिपिन्समधलं दुःख असं एकट्याने खिडकीत बसत नाही. तिथे 'लामाय' असतो. शवपेटी घरातच किंवा घरासमोर ताडपत्रीखाली कित्येक दिवस ठेवलेली असते. रात्रभर दिवे चालू, माणसं येत-जात राहतात, कॉफी, बिस्किटं, खारे दाणे. बाहेर टेबलं मांडून पत्ते चालतात आणि जुगारातला काही वाटा घरच्यांना दिला जातो. मोहिमेच्या काळात कितीतरी घरांत अंत्यविधीचे पैसे जमेपर्यंत लामाय लांबत राहिले. अश्रू पेटीच्या काचेवर पडू द्यायचे नाहीत. निघताना थेट घरी जायचं नाही, वाटेत कुठेतरी थांबायचं, म्हणजे मेलेल्याचा आत्मा मागोमाग येत नाही. आणि खून झालेला असेल तर पेटीच्या काचेवर एक जिवंत कोंबडीचं पिल्लू सोडतात. ते चोची मारत राहतं, आणि तशीच मारेकऱ्याच्या मनाला टोचणी लागते अशी समजूत आहे. मोहिमेत मेलेल्यांच्या लामायमध्ये ही पिल्लं दिसायची. ज्या घरात कुणी तोंडाने 'खून' म्हणू शकत नव्हतं, तिथे ते पिल्लू सगळ्या वस्तीसमोर ते सांगत होतं.

तुमच्या नायिकेने अकराव्या वर्षी हे सगळं फोनच्या पडद्यावर पाहिलेलं असणार. परदेशातली फिलिपिनो कुटुंबं असाच लामाय करतात, व्हिडिओ कॉल लावून फोन कुठेतरी टेकवून ठेवतात. तिला पेटी दिसली, पत्ते खेळून हसणारे काका दिसले, आणि काचेवर पिवळं पिल्लू. तिने विचारलं असेल, ते पिल्लू कशाला? आणि आईने फोन उलटा केला असेल. पाच वर्षांनी शाळेत कुणाच्या तरी बोलण्यातून तिला त्या पिल्लाचा अर्थ कळतो आणि न्यूमोनियाची गोष्ट तिथेच कोसळते. हा प्रसंग तुम्हाला हवा तर घ्या. पहिल्या प्रकरणाच्या जागी मला तोच दिसतो.

लामायनंतर नऊ दिवसांची प्रार्थना असते, मग चाळिसावा दिवस, मग वर्षाने शोक उतरवण्याचा विधी. दहावा, तेरावा, वर्षश्राद्ध माहीत असलेल्या वाचकाला यातलं फारसं समजावून सांगावं लागणार नाही. म्हणून तळटीपा नकोत. माणसं काय करतात ते दाखवा, वाचक आपोआप ओळखेल.

किशोरवयीन मुलांचं दुःख कसं असतं, याबद्दल एवढंच सांगते की ते सलग नसतं. मुलगी तासभर रडेल आणि मग मैत्रिणीशी फोनवर खिदळेल. चिडेल, झोपून राहील, गणिताच्या पेपरात पहिली येईल. तुमची नायिका तिसऱ्या प्रकरणापासून सतत उदास आहे. तेवढी उदासी खरी मुलगी टिकवू शकत नाही, आणि वाचकही टिकवू शकत नाही.

फिलिपिनो ओळखीचा भाग तुमच्या मसुद्यात सगळ्यात कच्चा आहे. जेवणाच्या पदार्थांची नावं आणि ख्रिसमसचे आकाशकंदील एवढ्यावर तो उभा आहे. दुबईतल्या फिलिपिनो मुलीची अडचण वेगळी असते. अमेरिकेत वाढलेल्या मुलीला निदान अमेरिकन होता येतं. दुबईत जन्म गेला तरी हिला तिथलं नागरिकत्व नाही, वडिलांची नोकरी गेली की व्हिसा गेला. म्हणजे 'आपला देश' एकच, आणि तो तिने सुट्टीतच पाहिलेला. ती फिलिपिनो शाळेत जात असेल तर नववीत तिने फिलिपिन्सचे राष्ट्रपुरुष होसे रिझाल यांची १८८७ची 'नोली मे तांगेरे' ही कादंबरी वाचलेली असणार. १९५६च्या कायद्याने रिझाल यांचं लेखन फिलिपिन्सच्या शाळांत शिकवणं सक्तीचं आहे. त्यात क्रिस्पिन आणि बासिलिओ ही दोन लहान भावंडं चर्चमध्ये काम करतात, क्रिस्पिनवर चोरीचा आळ येतो, तो मारहाणीनंतर परत येत नाही आणि त्यांची आई सिसा वेडी होते. प्रत्येक फिलिपिनो मूल ही गोष्ट पाठ्यपुस्तक म्हणून वाचतं, परीक्षेत उत्तर लिहितं. तुमच्या नायिकेने सिसावर दहा गुणांचं उत्तर लिहिलंय, आणि तिची काकू कालोओकानला तशीच बसून आहे. हे तिच्या लक्षात यायला किती वेळ लागतो, ते बघा.

वडिलांचं पात्र सध्या फक्त कडक आहे. त्यांना याहून मोठं काम द्या. मे २०१६च्या निवडणुकीत दुतेर्तेंना सुमारे १ कोटी ६६ लाख मतं पडली, आणि परदेशात काम करणाऱ्या फिलिपिनोंमध्ये त्यांचा पाठिंबा फार मोठा होता. ज्यांची मुलं गावी एकटी आहेत, ज्यांना रात्री रस्ते सुरक्षित हवेत, ज्यांना विमानतळावरच्या लाचखोरीचा वीट आलाय, अशी ती कष्टाळू माणसं होती. तुमच्या नायिकेचे वडील त्यांतले एक असू द्या. त्यांनी मत दिलं, फेसबुकवर दुतेर्तेंच्या खुणेसारखी मूठ वळलेला फोटो टाकला, आणि दहा महिन्यांनी त्यांच्या सख्ख्या भावाचा मुलगा मारला गेला. ते पुतण्याचं नाव का काढत नाहीत, याचं उत्तर आता केवळ 'लाज' इतकं सोपं राहत नाही. त्यांना खलनायक करू नका. मुलीला त्यांचा जुना फोटो सापडू द्या, आणि त्या रात्रीच्या जेवणाचा प्रसंग सावकाश लिहा. अन्याय घरात कसा शिरतो, हे कुमारवयीन वाचकाला भाषणाने कळत नाही, ताटावर बसलेल्या बापाकडे बघून कळतं.

बालिकबायान बॉक्सचाही उपयोग करा. परदेशातून घरी पाठवायचं ते मोठं खोकं महिनोन् महिने भरलं जातं: साबण, कॉर्न्ड बीफचे डबे, चॉकलेट, टॉवेल, बूट. जहाजाने पोचायला त्याला कित्येक आठवडे लागतात. फेब्रुवारीत निघालेलं खोकं कुयाच्या मृत्यूनंतर पोचलं, आणि त्यात त्याच्या मापाचे बूट होते. ते बूट आता कोण घालतं, हे नायिकेला तिकडे गेल्यावर दिसेल. त्याबद्दल कुणाकडूनही काही वदवून घेऊ नका.

धर्माबद्दल एक छोटी पुस्ती. तुमच्या मराठी वाचकांत वसईची मुलं असतील, गोव्याची असतील. वसईत जन्मलेले संत गोन्सालो गार्सिया मनिलातच फ्रान्सिस्कन झाले आणि तिथून जपानला जाऊन १५९७ मध्ये नागासाकीला हुतात्मा झाले. हा धागा खरा आहे, पण तुमच्या नायिकेला तो माहीत असायचं कारण नाही, म्हणून गोष्टीत ओढूनताणून आणू नका. तिच्या आजीचा हात कपाळाला लावून घेतलेला आशीर्वाद तेवढा पुरेसा आहे.

हिंसा किती दाखवावी, हेही तुम्ही विचारलंय. गोळी झाडण्याचा प्रसंग दाखवू नका. नायिका तिथे नव्हती आणि कथा तिच्या तोंडून आहे, तेव्हा तो तिला ऐकूनच कळणार, आणि प्रत्येक जण थोडं वेगळं सांगणार. शेजारीण सांगेल की दोन आवाज आले. काकू म्हणेल एकच.

आता शेवट. दुतेर्तेंना ११ मार्च २०२५ रोजी मनिलात अटक झाली आणि हेगला नेण्यात आलं, मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यांच्या आरोपाखाली. पण त्यानंतर दोनच महिन्यांनी, कोठडीत असतानाच, ते आपल्या दावाओ शहराच्या महापौरपदी प्रचंड मतांनी निवडून आले. अटकेवर कादंबरी संपवलीत तर त्या निवडणुकीचं काय करणार? माझा सल्ला, २०२२ ओलांडूच नका. त्या वर्षी ९ मेच्या निवडणुकीत जुन्या हुकूमशहाचे पुत्र फर्डिनांड मार्कोस ज्युनिअर राष्ट्राध्यक्षपदी आणि दुतेर्तेंची मुलगी सारा उपराष्ट्राध्यक्षपदी निवडून आली. गल्लीभर प्रचाराचे फलक, आणि त्याखालून अस्थींची पिशवी घेऊन जाणारं कुटुंब. न्याय म्हणून तुम्हाला काही द्यायचंच असेल तर एवढं द्या की काकू दाखल्यावरचं 'न्यूमोनिया' दुरुस्त करून घ्यायला अर्ज करते, आणि अर्जावर साक्षीदार म्हणून नायिकेचे वडील सही करतात. अर्जाचं पुढे काय झालं ते सांगू नका.

तुमच्या पत्रात एक वाक्य ओझरतं आलंय, की मैत्रिणीच्या घरी 'असंच काहीतरी' झालं होतं. लिहायला बसण्याआधी तिच्याशी बोला. तिच्या घरातला कोणता तपशील वापरू शकता, कोणता नाही, हे तिला ठरवू द्या, आणि तिच्या आईवडिलांना विचारायचं की नाही, हेही. त्यांचे नातेवाईक अजून त्याच वस्तीत राहत असतील तर जागा, काम, भावंडांची संख्या, सगळं बदला. मसुदा पूर्ण झाला की तागालोग येणाऱ्या आणि त्या वस्त्यांमधलं जगणं माहीत असलेल्या एखाद्या वाचकाकडून तपासून घ्या आणि त्या कामाचे पैसे द्या. मैत्रिणीने नको म्हटलं तर तिच्या घरातलं काहीही न घेता हीच गोष्ट लिहिता येते. वर सुचवलेलं मासळी बंदर, सही, पिल्लू आणि बूट यांपैकी काहीच तिचं नाही, त्यामुळे तिथून बिनधास्त सुरुवात करा, आणि नवं पहिलं प्रकरण झालं की मला पाठवा.